चारशे छत्तीसची डावी कूस

शनिवारी सकाळी साडेसातला सांता क्लारातली शहाणी माणसं झोपलेली असतात. अस्मिता मात्र त्या वेळी गाडी चालवत असते. शेजारी सासरे, मागच्या सीटवर मुलगी आणि डोळ्यांत आठवडाभराची थकलेली झोप.

"आबा, पट्टा?"

"लावलाय."

"डबा?"

"मांडीवर आहे. तू सिग्नलकडे बघ, तांबडा झालाय."

मागून अनिका खिदळली. "मम्मा, यू आर सो बस्टेड!"

आबांचं नाव राजाराम. वय चौऱ्याहत्तर. मुंबईच्या गोदीत अडतीस वर्षं जहाजं दुरुस्त केली, त्यातली शेवटची अकरा वर्षं फोरमन म्हणून. बायको गेली तेव्हा मुलगा प्रसाद त्यांना इथे घेऊन आला. "बाबा, आता फक्त आराम करायचा," असं विमानतळावरच बजावलं त्याने. आबांनी वर्षभर आराम केला. डिशवॉशर भरला, डिशवॉशर रिकामा केला. पार्कातल्या बाकावर बसून इतर आजोबांच्या बायपासच्या गोष्टी ऐकल्या. आराम करून माणूस किती दमतो हे त्यांना तोवर ठाऊक नव्हतं. गोदीत बारा तास राबूनसुद्धा पाय इतके जड झाले नव्हते.

मग नववीत अनिकाला शाळेसाठी समाजसेवेचे तास भरायचे होते. तिला एक म्युझियमचं जहाज सापडलं आणि ती एकटी कशी जाणार म्हणून आबांना सोबत पाठवलं. आबांनी धक्क्यावर उभं राहून त्या जहाजाकडे बघितलं, जवळ जाऊन त्याच्या कुशीवर तळहात ठेवला आणि मराठीत म्हणाले, "अगं बाई, काय हाल केलेत तुझे." तेव्हापासून दोन वर्षं झाली. एकही शनिवार चुकला नव्हता.

जहाजाला नाव नव्हतं, नुसता नंबर होता. चारशे छत्तीस. युद्धाच्या वेळी अशी जहाजं इतक्या घाईने आणि इतकी ढीगभर बनवली की बारसं करायला कुणाला सवड नव्हती. शंभर मीटर लांब, तळ परातीसारखा सपाट आणि नाकाच्या जागी दोन मोठी दारं. हे जहाज सरळ किनाऱ्यावर चढायचं, दारं उघडायची आणि पोटातले रणगाडे खडखडत वाळूवर उतरायचे. म्हणजे बाकीची जहाजं ज्याला अपघात म्हणतात, ती हिची रोजची नोकरी होती. जाऊन जमिनीवर आपटायचं. माल उतरला की मागे टाकलेल्या नांगराची साखळी ओढून स्वतःला परत पाण्यात खेचायचं. परत माल भरायचा. परत आपटायचं.

आता ती खाडीच्या वरच्या टोकाला एका जुन्या धक्क्याशी बांधलेली होती. तिची देखभाल करणारे एके काळी तीसजण होते. आता गुडघे बरे असतील त्या दिवशी चार. त्यांचा म्होरक्या मर्ल, वय एकोणऐंशी. त्याचे वडील युद्धात याच जहाजाच्या इंजिनखोलीत होते. मर्ल आयुष्यभर शाळेत सुतारकाम शिकवायचा, पण आबा त्याला कप्तान म्हणायचे. आबांचं इंग्रजी चार आण्याचं, मर्लचं मराठी शून्य. मधे अनिका. ती नसली तर हातवारे. मधल्या सुट्टीत मर्लचं सँडविच अर्धं आबांकडे यायचं, आबांची लसणाची चटणी अर्धी मर्लकडे जायची. मर्ल ती घामाघूम होऊन खायचा आणि डोळे पुसत "गुड, गुड" म्हणायचा.

त्या वसंतात मर्लच्या अंगात नुसतं वारं भरलं होतं. मे महिन्याच्या तिसऱ्या शनिवारी चारशे छत्तीस हलणार होती! एकोणीस वर्षांनी पहिल्यांदा. एक टगबोट तिला ओढत पलीकडच्या काठापर्यंत नेणार आणि परत आणणार. डेकवर एकशे साठ माणसं, त्यात दोन शाळांची मुलं. तपासनीस येऊन पत्र्याची जाडी मोजून गेला होता आणि त्याचा कागद मर्लने काचेच्या चौकटीत लावला होता. फळ्यावर तो रोज खडूने उरलेले दिवस लिहायचा. वडील ज्या डेकवर उभे होते, तो डेक हलताना पायाखाली एकदा अनुभवायचा. बस, एवढंच मागणं होतं त्याचं.

आणि अनिकाला काम मिळालं होतं जहाजाची सर्व्हिस हिस्टरी लिहायचं. म्हणजे जन्मापासून आजपर्यंत कुठे गेली, काय वाहिलं, कुठे मोडली. पुढच्या दारांजवळ मोठा बोर्ड लागणार होता. मर्लने तिला कागदांचं खोकं दिलं, ते तिने घरी आणून जेवणाच्या टेबलावर उपडं केलं. मंगळवारी संध्याकाळी आबा एका टोकाला कोथिंबीर निवडत बसले आणि ती दुसऱ्या टोकाला वाचायला.

"ऐका हां आबा. नाइन्टीन फॉर्टी-थ्री, इलिनॉयमधे बांधलं. शेतांच्या मधे! मग नदीतून समुद्रात. मग पॅसिफिक. मग ट्रक. पेट्रोल. ट्रक. तांदूळ. परत ट्रक. एकाच बेटावर चौदा खेपा. यार, हे युद्ध आहे की टेम्पो सर्व्हिस?"

"युद्धातसुद्धा कुणालातरी तांदूळ पोचवायला लागतातच की."

"पण बोर्डवर काय लिहू? 'हिने खूप सामान उचललं'?"

"तेवढंच लिही. त्यात खोटं काय आहे?"

आबांना ती हिस्टरी आवडली होती. त्यांची स्वतःची लिहिली असती तर अशीच झाली असती. पत्रा, वेल्डिंग, पत्रा, परत पत्रा.

"फेब्रुवारी फॉर्टी-फाइव्ह," अनिकाने पान उलटलं. "किनाऱ्यावर चढताना खडकावर घासली. डावी बाजू, फ्रेम सत्तावीस ते एकोणतीस. फ्रेम म्हणजे?"

"जहाजाच्या फासळ्या. पुढून मोजतात. वाच."

"टेम्पररी पॅच लावला. पक्कं काम पुढच्या गोदीत."

आबांचा हात कोथिंबिरीवर थांबला. "पुढे?"

"पुढे काय, युद्ध संपलं, सोल्जर्सना घरी आणलं. मग एका लाकडाच्या कंपनीने विकत घेतलं. मग अलास्कात मासे..."

"डाव्या बाजूचं बघ. सत्तावीस-एकोणतीस."

अनिकाने कागद चाळले. एक्कावन्न साली लिहिलं होतं, पॅच ठीक, पक्कं काम पुढच्या गोदीत. अठ्ठावन्न साली तेच. सहासष्ट साली तेच, फक्त अक्षर वेगळं. त्यानंतर त्या जागेचं नावच नव्हतं.

"आबा, हे सेम माझ्या मॅथ्स होमवर्कसारखं आहे. पुढच्या वीकला, पुढच्या वीकला!"

आबा हसले नाहीत. हे वाक्य त्यांनी स्वतः कितीतरी वेळा कागदावर लिहिलं होतं. जहाज गोदीत यायचं, मालकाचा माल धक्क्यावर सडत असायचा, मालक म्हणायचा, फोरमनसाहेब, यंदा भागवून न्या. आबा भागवून न्यायचे. ती जहाजं पुढच्या खेपेला परत यायची. बहुतेक.

शनिवारी मर्ल वरती कठडे रंगवत असताना आबा एकटे खाली गेले. गुडघे कुरकुरत होते. रणगाड्यांच्या मजल्याखाली डाव्या अंगाला एक कोठी होती, जुन्या लाइफ जॅकेटांनी भरलेली. त्यांनी फासळ्या मोजल्या. सव्वीस. सत्तावीस. जॅकेटं बाजूला सारली. मागची भिंत पांढरीशुभ्र, गुळगुळीत, लग्नघरासारखी रंगवलेली. आबांनी खिशातून हातोडी काढली.

चांगला पत्रा घंटेसारखा बोलतो. टण्ण. आवाज हातातून खांद्यात जातो. आबा मारत मारत सरकले. टण्ण. टण्ण. अठ्ठाविसाव्या फासळीपाशी आवाज बसला. थप्प. ओल्या पुठ्ठ्यासारखा. रंगाला केसाएवढी चीर पडली आणि चिरेच्या कडेला तांबडं पाणी टाचणीच्या डोक्याएवढं येऊन थांबलं.

आबांनी हातोडी खाली ठेवली. अजून एक घाव, आणि खाडी आत.

रंगाचा एक पोपडा त्यांनी नखाने काढला. बिस्किटाएवढा जाड. कडेने बघितलं तर थर दिसत होते, पांढऱ्याखाली पांढरा, त्याखाली करडा, मग हिरवा. तपासनीसाचं यंत्र कसं चालतं ते आबांना माहीत होतं. पत्र्याला टेकवायचं, आवाज आत जाऊन परत येतो, आकडा दिसतो. पण टेकवण्याआधी रंग खरवडायचा असतो. इतकी सुरेख भिंत खरवडायला त्या माणसाचा जीव धजावला नसणार. यंत्राने रंग आणि पोलाद दोन्ही एकत्र मोजलं. दरवर्षी मायेने एकेक हात दिला, आणि त्या मायेचीच जाडी कागदावर चढली.

मधल्या सुट्टीत मर्लने चटणी खाल्ली, डोळे पुसले आणि फळ्यावरचा आकडा पुसून नवा लिहिला. एकवीस.

पुढचे बारा दिवस आबांनी त्या पत्र्याबद्दल कुणाला सांगितलं नाही.

मधला एक शनिवारही तसाच गेला. मर्लने त्यांना उत्सवाच्या दिवशी घालायची टोपी दिली, पुढे चारशे छत्तीस असं भरतकाम केलेली. आबांनी ती दोन्ही हातांनी घेतली आणि ओशाळल्यासारखे हसले. घरी रात्री अंग दुखायचं, जणू काही दिवसभर वजन उचललं होतं. अस्मिताने विचारलं, "आबा, बरं नाहीये का? डॉक्टरची अपॉइंटमेंट घेऊ?" तर म्हणाले, "नको. जुनं आहे ते."

गुरुवारी दुपारी ते मागच्या अंगणात बसले आणि कुंपणाच्या एका तुटक्या फळीतून काहीतरी तासायला लागले. अस्मिता मीटिंगमधून कान मोकळा करून खिडकीतून ओरडली, "आबा, कुंपण का सोलताय? एचओएवाली सोसायटी मला सोलेल!"

"तुटलेलीच फळी आहे गं!"

अनिका शाळेतून आली ती लॅपटॉप नाचवतच. "आबा, संपलं! आय ॲम अ जीनियस! फक्त शेवटची लाइन राहिलीय. तो पॅच शेवटी कधी पक्का केला? कुठेच लिहिलेलं नाहीये."

"ती ओळ सोडून दे."

"अहो, का? तीच तर एकदम कूल गोष्ट आहे! ऐंशी वर्षं सगळे नुसतं नंतर, नंतर करत बसलेत..."

"अनिका, सोड म्हटलं ना."

आबा तिच्यावर कधी आवाज चढवत नसत. तिने त्यांच्या हातातला लाकडाचा तुकडा बघितला. गाजरासारखा, एका टोकाला निमुळता.

"हे काय आहे?"

"बूच."

"कशाचं बूच?"

मग आबांनी सांगितलं. हातोडी, थप्प आवाज, रंगाचे थर, सगळं. अनिका पायरीवर बसली.

"पण आबा, त्या दिवशी वर एकशे साठ लोक असणार," ती म्हणाली. "माझ्याच शाळेची मुलं आहेत त्यात."

"माहीत आहे."

"मग सांगायला हवं ना."

"सांगितलं तर ती बंद होईल. उत्सवच नाही, सगळंच. धक्क्यावर कुलूप लागेल. मग शनिवारी तुझी आई मला कुठे सोडणार? बायपासवाल्यांच्या बाकावर?" त्यांनी फळीचा भुसा झटकला. "मी तिथे फोरमन आहे गं. इथे घरात मी भाजी चिरणारा आहे."

अनिकाने त्यांच्या हातातला चाकू बाजूला ठेवला आणि त्यांच्यासाठी पाणी आणलं. आबांनी पेला रिकामा केला आणि परत तासायला घेतलं. न सांगायचं असतं तर ते बूच तासतच बसले नसते, हे त्या दोघांनाही कळत होतं.

शनिवारी त्यांनी मर्लला कोठीत नेलं. अनिका दाराशी उभी राहिली.

"सांग त्याला," आबा म्हणाले. "इथला पत्रा गेलाय. जहाज हलवायचं नाही."

अनिकाने इंग्रजीत सुरुवात केली. आबांना सगळं कळलं नाही, पण 'मेबी' कळलं आणि 'अ लिटल' कळलं.

"गोड करू नकोस," ते म्हणाले. "मी जेवढं बोललो तेवढंच बोल."

मग तिने तेवढंच सांगितलं.

मर्लचा चेहरा आधी हसरा होता, मग लाल झाला. तपासनीसाचा कागद आहे, तो म्हणाला. यंत्राने मोजलंय. कुणीतरी हातोडी ठोकून यंत्राला खोटं ठरवणार का? तो पुष्कळ बोलला. अनिका भाषांतर करत गेली आणि तिचा आवाज बारीक होत गेला. शेवटी मर्ल म्हणाला, "माझ्याकडे सात दिवस उरलेत, राजा." हे आबांना भाषांतराशिवाय समजलं.

आबांनी हातोडीची मूठ त्याच्या पुढे धरली.

"सांग त्याला, आमच्या गोदीत एक रीत होती. शेवटचा घाव फोरमन मारत नाही. जहाजाचा माणूस मारतो. नाहीतर नंतर म्हणतील, गोदीवाल्यांनीच भोक पाडलं. सोनारानेच कान टोचावेत म्हणतात ना, पण जहाजाचं उलट. ज्याची पोर, त्याच्याच हातात हातोडी."

अनिकाने कसंबसं सांगितलं. मर्लने हातोडी घेतली. मग त्याने चिरेच्या बाजूला मारली, जोरात नाही, दार ठोठावावं तशी.

हातोडीचं टोक आत गेलं.

त्याने दचकून ती ओढली, आणि त्याबरोबर बोटाएवढी पाण्याची धार त्याच्या छातीवर आदळली. अनिका किंचाळली. आबांनी एका हाताने मर्लला बाजूला लोटलं, दुसऱ्या हाताने खिशातलं बूच काढलं, त्यावर फडकं गुंडाळलं आणि धारेतच भोकात घातलं. हळूहळू ठोकलं. भोवतालचा पत्रा आणखी फाटू नये म्हणून अगदी बेताने, अंडं फोडताना ठोकावं तसं. धार झाली थेंब. थेंब झाले ओल. तिघेही चिंब.

मर्ल जॅकेटांच्या ढिगावर बसला. खाऱ्या पाण्याने त्याचा चष्मा भरला होता, तो त्याने पुसला नाही.

"तुला कधीपासून माहीत होतं?" त्याने विचारलं. अनिकाने ते मराठीत विचारलं.

"दोन आठवडे."

"मग बोलला का नाहीस?"

आबांनी खांदे उडवले. "शनिवार गेला असता."

अनिकाने ते सांगितल्यावर मर्लने मान खाली घातली. मग तो भिंतीकडे बघत सावकाश बोलायला लागला, आणि अनिका त्याच्या मागोमाग मराठीत.

"तो म्हणतोय, ही कोठी बावीस वर्षं तोच रंगवतो. दुसऱ्या कुणाला रंगवू देत नाही. म्हणतोय, अठ्ठाविसाव्या फासळीपाशी ब्रश दरवर्षी जरा आत जायचा. म्हणून मग तिथे तो दोन हात जास्त द्यायचा."

आबा त्याच्या शेजारी बसले. त्यांनी खिशातला रुमाल काढला, तोही ओलाच होता, तरी दिला.

मग फोन झाले. टगबोट रद्द, शाळा रद्द. पाणी आत शिरलंच तर उपसायला पंप घेऊन माणसं संध्याकाळपर्यंत येणार होती, पण पाण्याखालून बाहेरच्या बाजूने पत्रा लावणारी माणसं सोमवारशिवाय येणार नव्हती. त्यानंतर काय, ते कुणालाच सांगता येत नव्हतं. कदाचित ती धक्क्यालाच बांधलेली राहील. कदाचित तिला तोडायला नेतील. अनिका वर जाऊन फळ्यासमोर उभी राहिली, पण आकडा पुसायला तिचा हात उचलेना. तशीच खाली आली.

पावणेबाराला अस्मिताचा फोन आला. "झालं का तुमचं? मी गेटवर आहे."

"मम्मा, आबा म्हणतायत ते आत्ता येणार नाहीत," अनिका म्हणाली. "कुणीतरी बुचाकडे बघत बसायला हवं. तो पत्रा आणखी फाटू शकतो. पंपवाले येईपर्यंत. दुपार होईल. कदाचित संध्याकाळ."

"कशाचं बूच? आणि ते का बसणार? दुसरं कुणी नाहीये का?"

अनिकाने आबांकडे बघितलं. आबांनी मान हलवली. दुसरं कुणी नव्हतं.

"तू जा आईबरोबर," ते म्हणाले. "जेव. डबा मात्र इथे ठेव."

"मग भाषांतर कोण करणार?"

"आता बोलायचंय काय?"

ती गेली. शिडीवर तिचे बूट वाजले, मग तेही थांबले. दोघे म्हातारे ओल्या कपड्यांनी जॅकेटांवर टेकून बुचाकडे बघत राहिले. फडक्याच्या कडेने पाणी पाझरत होतं, फार नाही, दमलेल्या माणसाच्या कपाळावर यावं तेवढं. आबांच्या पापण्या मिटायला लागल्या. मर्लने त्यांच्या गुडघ्यावर थोपटलं, घड्याळ दाखवलं, दोन्ही हातांची बोटं दोनदा उघडून वीस मिनिटं दाखवली आणि दोन्ही हात गालाखाली जोडून डोळे मिटल्याची खूण केली. आधी तू.

आबांनी नकार द्यायला हात उचलला. मग तोच हात त्यांनी उशाला घेतला आणि एक जॅकेट मानेखाली ओढलं.